इजाबायची सुकेळी

“सुकेळी हा वसई परिसरातील एक पारंपरिक व पौष्टिक खाद्यपदार्थ असून त्याची निर्मिती राजेळी जातीच्या केळ्यांपासून करण्यात येते,” आग्नेस मावशींनी कॅमेऱ्याच्या भिंगात बघून सांगितलं.

“कट,” मी म्हणाले.

हा सातवा टेक होता. टेक म्हणजे तीच गोष्ट कॅमेऱ्यासमोर पुन्हा एकदा. सातही टेकमध्ये ‘असून’ होतं, ‘करण्यात येते’ होतं, आणि वाक्य संपलं की मावशी थोड्या थांबत होत्या. समोरच्या वर्गाने वहीत उतरवून घ्यावं म्हणून.

“काही चुकलं का?” त्यांनी विचारलं.

“काहीच चुकलं नाही मावशी. तीच अडचण आहे.”

मी डॉक्युमेंटरी करते. वीस वर्षांहून जास्त झाली. बहुतेक खाण्याच्या पदार्थांवर आणि ते करणाऱ्या माणसांवर. राहते गोखिवऱ्याला. घरातल्या एका खोलीत एडिटिंगचं टेबल आहे, उरलेल्या घरात नवरा आपला हक्क टिकवून आहे. ही फिल्म एका चॅनेलच्या सिरीजसाठी होती. एक पदार्थ, एक घर, पंचवीस मिनिटं. माझ्या वाट्याला सुकेळी आली आणि घर मिळालं वसईजवळच्या गास गावातलं.

सुकेळी म्हणजे वाळवलेली केळी, पण एवढ्यावर थांबलात तर गासमध्ये तुम्हाला कोणी चहा विचारणार नाही. राजेळी केळी पिकवायची, सोलायची, आठवडाभर उन्हात बांबूच्या तट्ट्यावर पसरायची. रोज संध्याकाळी टोपलीत भरून झाकायची, सकाळी पुन्हा पसरायची, मधेमधे उलटायची. शेवटी मधाच्या रंगाची होतात. मग केळीच्याच खोडाच्या सुकलेल्या सोपटात बांधून ठेवायची.

घर निवडलं ते इजाबायमुळे. इजाबाय म्हणजे आग्नेस मावशींच्या सासूबाई. त्यांना जाऊन बरीच वर्षं झाली, पण गावात कुठल्याही म्हाताऱ्या माणसापुढे सुकेळीचं नाव काढा, तो सांगणार, “खावी तर इजाबायची.” सासूने सुनेला शिकवलं, सुनेने ते जपलं, अशी गोष्ट मी चॅनेलला लिहून दिली होती. चॅनेलला ती आवडली. सासूसुनेचं पटलं ही चॅनेलच्या दृष्टीने मोठी बातमी असावी.

अडचण फक्त आग्नेस मावशींची होती. वय बहात्तर, मराठी शाळेत प्राथमिक शिक्षिका म्हणून सगळी नोकरी. कॅमेरा बंद असला की त्यांच्यासारखं बोलणारं माणूस नाही. नकला काय, टोमणे काय. घरात त्या त्यांच्या वसईकडच्या बोलीत बोलतात. ती बोली मला समजते, लिहिता येत नाही. चुकीची लिहिली तर त्या लाल पेन घेऊन येतील, म्हणून इथे त्यांचं बोलणं साध्या मराठीत देते. पण कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला की त्या सकाळच्या बातम्या व्हायच्या.

आमच्या धंद्यात यावर उपाय आहेत. मी सगळे केले. काम करता करता बोलायला लावलं. त्या काम थांबवून बोलायच्या. कॅमेरामन विकीला लांब चिकूच्या झाडामागे उभं केलं. त्या चिकूच्या झाडाला उद्देशून बोलायच्या. मी म्हटलं, “मावशी, मी तुमच्या भाचीसारखी, मला सांगा.” त्यांनी सांगितलं, “बाळांनो, सुकेळी हा पदार्थ...”

तिसऱ्या दिवशी दुपारी मी हार मानली. सगळ्यांना म्हटलं, जेवून घ्या. विकी गाडीत जाऊन आडवा झाला. आमचे साउंड रेकॉर्डिस्ट सावंत ओसरीवर डबा उघडून बसले. मी आणि मावशी अंगणात केळी उलटत बसलो. त्या बोलायला लागल्या. आपल्या बोलीत, हात हलवत, मधेच हसत.

“लग्न होऊन आले तेव्हा मला केळं खायचं कसं एवढंच माहीत होतं,” त्या म्हणाल्या. “सासूबाई म्हणाल्या, बघ आणि शीक. मी बघत बसले. बघण्यासारखं काही नव्हतंच. सासूबाई सुकेळीजवळ यायच्या त्या पाहुणे आले की. एक केळं उलटायच्या, कपाळ पुसायच्या आणि आत जायच्या. पाहुणे म्हणायचे, इजाबाय, किती राबतेस गं.”

“मग करायचं कोण?”

“बुधी. चांदीपहून यायची वाडीत कामाला. तिने मला गोठ्यामागे बसवून शिकवलं. सोलताना नख लागू द्यायचं नाही, लागलं की तिथे काळं पडतं. टोपलीत दाबून भरायची नाहीत, सैलही सोडायची नाहीत. झोळीत पोर ठेवतात तशी ठेव, म्हणायची. मी कुणाकडून शिकते ते सासूबाईंना कळू दिलं नाही. आणि सासूबाईंना येत नाही ते गावाला कळू दिलं नाही.” मग त्यांनी कुंपणाकडे बघितलं आणि आवाज खाली आणला. “फिलूबायच्या कानावर जायला नको हे. तिची आई आहे ती.”

फिलूबाय म्हणजे फिलोमिना, इजाबायची मुलगी, मावशींची मोठी नणंद. तिने लग्न केलं नाही. कुंपणापलीकडच्या घरात एकटी राहते. दोघी रोज सकाळी चर्चमध्ये मिस्साच्या प्रार्थनेला बरोबर जातात आणि येताना बरोबर भांडतात.

केळी उलटून झाली. मी हात धुवायला गेले तर सावंत मागे आले. हेडफोन गळ्यात, चेहरा पडलेला.

“मॅडम, लेपल काढायचा राहिला.”

लेपल म्हणजे कपड्यांना लावायचा छोटा माइक. दिसत नाही, आणि लावलेलं माणूस दहा मिनिटांत तो विसरतं. तो काढून घेणं हे सावंतांचं काम, आणि काढला का हे बघणं माझं.

“रेकॉर्डर?”

“चालू होता.” मग ते म्हणाले, “एकदम क्लीन आलंय.” एवढं वाक्य मात्र त्यांनी अभिमानाने म्हटलं.

ते ऐकताना मला लाज वाटायला हवी होती. मला आनंद झाला. तीन दिवस ज्या आवाजासाठी झुरत होते तो मिळाला होता. हातांचे, केळ्यांचे शॉट्स विकीने घेतलेलेच होते. वर हा आवाज टाकला की फिल्म तयार.

आणि मग मी ती चूक केली जी अनुभवी माणसंच करू शकतात. क्लिप समीरला पाठवली. समीर आमचा कमिशनिंग एडिटर. म्हणजे चॅनेलकडून फिल्म मागवणारा, आणि ती आल्यावर आपल्याला हीच हवी होती का याचा विचार करणारा माणूस. अर्ध्या तासात त्याचा फोन आला.

“सुजाता, हीच फिल्म आहे. ओपनिंग इथूनच कर. ती सासू, पाहुणे आल्यावर घाम पुसते, क्या बात है.”

“मावशींना माहीत नव्हतं रेकॉर्डिंग चालू आहे ते.”

“रिलीज फॉर्म साइन आहे ना?”

होता. रिलीज फॉर्म म्हणजे माझा आवाज, माझं चित्र तुम्ही वापरा, अशी लेखी परवानगी. मावशींनी पहिल्याच दिवशी सही केली होती. त्याआधी फॉर्ममधल्या दोन वेलांट्या सुधारल्या होत्या.

“मग प्रॉब्लेम काय आहे?” समीर म्हणाला. “पुढच्या सोमवारी रफ कट दाखव.”

रफ कट म्हणजे फिल्मचा पहिला कच्चा आराखडा. प्रॉब्लेम काय आहे ते मला फोनवर सांगता येईना. दोन दिवस मी एडिटिंगच्या टेबलावर बसून ती क्लिप ऐकली. ‘फिलूबायच्या कानावर जायला नको’ हे वाक्य कापून टाकलं. मग पुन्हा जोडलं. कापल्यावर क्लिप आणखी चांगली वाटत होती, म्हणूनच जोडलं.

तिसऱ्या दिवशी मी हेडफोन घेऊन एकटी गासला गेले. मावशींना खुर्चीवर बसवलं आणि सांगितलं, “मावशी, त्या दिवशी दुपारी माइक चालू राहिला होता. आधी ऐका, मग मला काय बोलायचं ते बोला.”

त्यांनी सगळं ऐकलं. डोळे मिटून, मान किंचित कलती ठेवून. मुलांचं पाठांतर ऐकताना ठेवत असतील तशी.

“मी अशी बोलते?” हेडफोन काढून त्यांनी विचारलं. “अशा बोलण्यासाठी मी पोरांना बाकावर उभं केलंय.”

मी हसले. त्या हसल्या नाहीत.

“कधी ऐकलंस हे?”

“त्याच दुपारी.”

“आणि आज सांगतेस. अजून कोणी ऐकलं?”

“सावंतांनी. आणि चॅनेलच्या सरांनी.”

त्यांनी हेडफोनची वायर बोटांवर नीट गुंडाळली आणि माझ्या हातात दिली. “वर्गात चिठ्ठी पकडली ना, तर मी ती कधी मोठ्याने वाचली नाही. ज्याची त्याला परत द्यायची.”

“परत द्यायलाच आलेय,” मी म्हणाले. हे निम्मं खरं होतं आणि त्यांना ते कळलं.

“पुसता येतं?”

“येतं.”

“तुझ्याकडचं. त्या सरांकडचं?”

मी हातातल्या वायरकडे बघितलं.

“म्हणजे आता ही गोष्ट गावभर फिरायला मोकळी,” त्या म्हणाल्या. “मग बाहेरून कानावर जाण्यापेक्षा माझ्याकडून जाऊ दे. फिलूबायला बोलाव. ती नाही म्हणाली तर नाही.”

फिलूबाय आली. शहात्तरची, उंच, ताठ. तिच्या घरात इजाबायचा मोठा फोटो आहे, त्यावर दिवसरात्र एक लहान बल्ब जळतो. तिने क्लिप दोनदा ऐकली. दुसऱ्यांदा ‘आवाज वाढव’ म्हणाली. मग हेडफोन टेबलावर ठेवला, “तुमची केळी उलटायला झाली,” म्हणाली आणि निघून गेली.

दुसऱ्या दिवशी मावशी मिस्साला एकट्या गेल्या. त्याच्या दुसऱ्या दिवशीही. सत्तेचाळीस वर्षांत असं झालं नव्हतं, असं त्यांनीच मला फोनवर सांगितलं. आवाज सपाट होता. “तुला दोष देत नाही,” म्हणाल्या. त्यापेक्षा दिला असता तर बरं झालं असतं.

मी समीरला फोन केला. “ती क्लिप फिल्ममध्ये नसेल. तुझ्याकडची पण डिलीट कर.”

“मग उरतं काय? खाद्यपदार्थ असून करण्यात येते?”

“तेच.”

“सुजाता, मग सिरीजमधून ड्रॉप करावी लागेल. आय अॅम सिरीयस.”

“कर,” मी म्हणाले. फोन ठेवल्यावर बराच वेळ मी शौर्याच्या भावनेत होते. मग आठवलं की शौर्य दाखवायची वेळ पाच दिवसांपूर्वी होती.

शनिवारी सकाळी फिलूबायचा फोन आला. “कॅमेरा घेऊन ये. मिस्सानंतर.”

आम्ही पोचलो तेव्हा दोघी अंगणात होत्या. सुकेळीच्या तट्ट्याच्या दोन टोकांना दोन खुर्च्या. सावंतांनी फिलूबायला माइक लावला आणि सांगितलं, “बाय, हा आता चालू आहे.”

“चालू असू दे. आज त्याच्यासाठीच बोलते,” ती म्हणाली आणि सरळ कॅमेऱ्याकडे बघितलं. “माझ्या आईला सुकेळी येत नव्हती. मी तिची मुलगी, मला माहीत नसेल? नऊ माणसांचं रांधायची ती. भात लावायची, वाडी शिंपायची, भाजीची टोपली घेऊन बाजारात जायची. या सगळ्यासाठी तिला कधी कोणी चांगलं म्हटलं नाही. चांगलं म्हटलं ते फक्त सुकेळीसाठी, जी ती करत नव्हती. आता एवढी एकच शाबासकी तिच्या वाट्याला आलेली, ती मी कशाला काढून घेऊ? म्हणून गप्प बसले.”

विकीने कॅमेरा हळूच मावशींकडे वळवला. मी त्याला तसं सांगितलं नव्हतं, पण तो बरोबर होता.

“मग दोन दिवस माझ्याशी बोलली नाहीस ती कशासाठी?” मावशींनी विचारलं. बोलीत. कॅमेरा चालू असताना.

“तू मला सांगितलं नाहीस म्हणून. सत्तेचाळीस वर्षं रोज माझ्या शेजारी चालतेस. आणि सांगितलंस कोणाला? त्या माइकला.”

मावशींनी खाली वाकून एक केळं उलटलं, जे उलटायची गरज नव्हती. फिलूबायने तिच्या बाजूचं एक उलटलं. बराच वेळ दोघी तेच करत राहिल्या. मी ‘कट’ म्हणायचं विसरले.

“वापरू का हे?” शेवटी मी विचारलं.

“माझ्याकडून वापर,” फिलूबाय म्हणाली. “पण बुधीला विचारलंस का?”

गेले आठ दिवस मी परवानगी, विश्वास, नैतिकता यांवर स्वतःला भाषणं देत होते. समीरशी भांडले होते. आणि जिची गोष्ट होती तिला विचारायचं आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात आलं नव्हतं. मी तर ती हयात नसेल असंच धरून चालले होते. फिलूबाय म्हणाली, “हयात आहे. गेल्या नाताळात तिच्या नातवाबरोबर मी डबा पाठवला होता.”

“मला न सांगता?” मावशी म्हणाल्या.

“तुला कशाला सांगू?”

आम्ही पाच जण गाडीतून चांदीपला निघालो. वाटेत दोघींचा वाद झाला. मावशींना सुकेळी न्यायची होती. फिलूबायचं म्हणणं, जिच्याकडून शिकलीस तिला आपलं कसं काय दाखवायचं. तरी मावशींनी एक पुडी पर्समध्ये घातलीच होती.

बुधीबाय घरापुढच्या शेडमध्ये शेंगा सोलत बसली होती. लहानखुरी, ऐंशीच्या आसपासची. वय तिला विचारलं तर ती आम्हाला म्हणाली, “तुम्ही शिकलेली मानसं, बघून सांगा.” तिने आधी फिलूबायला ओळखलं, मग मावशींना. मावशींना म्हणाली, “मास्तरीन, केस कुठं गेले तुझे?” मग नातसुनेला हाक मारली, “पानी आन सगल्यांना.”

सावंतांनी माइक लावला आणि तो चालू आहे हे तीन वेळा सांगितलं. तिसऱ्यांदा बुधीबाय म्हणाली, “चालू हाय तं चालू दे. मी काय चोरून बोलते?”

मावशींनी पुडी काढली. बुधीबायने एक सुकेळं हातात घेतलं, दोन्ही बाजूंनी बघितलं, वास घेतला, मग तुकडा तोडून चावला. आम्ही सगळे तिच्या जबड्याकडे बघत होतो. मावशी तर उभ्याच राहिल्या होत्या. इतकी वर्षं पोरांचे निकाल लावणारी बाई.

“बरी हायत,” बुधीबाय म्हणाली. “पन टोपलीत दाबतेस अजून.”

“नाही दाबत,” मावशी म्हणाल्या.

“दाबतेस.”

विषय तिथे संपला. मी विचारलं, “बुधीबाय, तुमच्या हातची सुकेळी इतकी वर्षं इजाबायच्या नावाने गेली. राग नाही आला?”

तिने विचार केला. “यायचा,” ती म्हणाली. “कदी कदी. पाहुने आले का जास्त.” मग शेंगा पुढे ओढल्या. “पन माजी तरी कुठं हाय? मी आदी आगाशीला एका घरी कामाला व्हते. तितल्या म्हातारीनं शिकवलं. तिचं नाव आता याद नाय.”

फिलूबाय मोठ्याने हसली. मग मावशीही. मी प्रोड्यूसरच्या डोळ्यांनी आगाशीचं अंतर मोजायला लागले होते, तेवढ्यात विकी कानात म्हणाला, “मॅडम, नको.”

फॉर्म मावशींनी वाचून दाखवला. एक एक कलम, समजावून, मधे प्रश्न विचारत. ‘जगभरात, कायमस्वरूपी, कोणत्याही माध्यमातून’ या ओळीवर बुधीबाय म्हणाली, “जगभरात कोन बघतं मला?” मावशी म्हणाल्या, “सही करायच्या आधी हेच विचारायचं असतं. मी विचारलं नव्हतं.” आणि माझ्याकडे बघितलं. त्या कलमावर त्यांनी काट मारली आणि शेजारी वळणदार अक्षरात लिहिलं, ‘आधी दाखवून, मगच.’ खाली बुधीबायने सही केली. हळू, पण सुवाच्य. तिच्या नातसुनेने शिकवलेली.

चांदीपचं ऐकल्यावर समीर ड्रॉप करायचं विसरला. रफ कट सोमवारी गेलाच नाही, पुढच्या गुरुवारी गेला. त्याआधी तो तिघींनी माझ्या लॅपटॉपवर बघितला. दुपारची क्लिप सुरुवातीला होती, तिघींच्या संमतीने. समीरने बघून एवढंच विचारलं, “आगाशीवालीचं काय?” मी म्हटलं, तिचं नाव कोणाला आठवत नाही. तो म्हणाला, मग तेच शेवटी टाक. त्याच्या नोकरीत तो अगदीच वाया गेलेला नाही.

टायटल बदलायचं ठरलं होतं. फिलूबायने बदलू दिलं नाही. “‘इजाबायची’च ठेव. आत खरं सांगितलंय ना, मग दारावर तिचं नाव राहू दे.” बुधीबायची हरकत नव्हती. तिला टायटलपेक्षा स्वतःच्या पदराचा रंग जास्त खटकला. फिल्म गासमध्ये चर्चच्या हॉलमध्ये दाखवली तेव्हा लोक हसले, दोघीतिघींनी डोळे पुसले, आणि आग्नेस मावशींनी मला बाजूला घेऊन सबटायटल्समधल्या चार चुका सांगितल्या. चारही खऱ्या होत्या.

आता कुठल्याही घरी पदार्थ शूट करायला जाताना मी रिलीज फॉर्मचा आख्खा गठ्ठा नेते. घरातली बाई म्हणते, “मी एकटीच तर आहे, एवढे कशाला?” मी म्हणते, “राहू द्या. चहा झाला की सांगा, कोणाकडून शिकलात.” आजवर एकाही घरात गठ्ठा पुरलेला नाही.